सत्तेचाळीस नंबर

३ फेब्रुवारी, मंगळवार

दादा,

पत्र बघून हसू नकोस. फोनवर तुला अर्धं ऐकू येतं आणि उरलेलं तू मनाने लावतोस. अठ्ठावीस वर्षं ट्रॅक्टरवर बसून कानांची वाट लावून घेतलीस, त्याला मी काय करू? शिवाय मी इथून ओरडायला लागले की अख्खी खोली माझ्याकडे वळून बघते. तुमच्या गावातल्या दवाखान्यातून रक्ताचे नमुने आणायला आमची गाडी दर मंगळवारी आणि शुक्रवारी येते. गाडीवाला भला माणूस आहे, बर्फाच्या पेटीत वरच्या कप्प्यात पत्र ठेवायला तयार झालाय. दमट झालं तर वाळवून वाच.

आता नीट लक्ष दे. फवारणीच्या ड्रोनचा रिमोट हातात असताना तू बांधावर कोसळलास, त्याला आज तीन आठवडे झाले. किती वेळ बेशुद्ध होतास ते कोणालाच नक्की माहीत नाही. डॉक्टरांचा संशय हृदयावर आहे. ठोके मधेच कधीतरी बेताल होत असतील तर ते दवाखान्यातल्या पाच मिनिटांच्या तपासणीत सापडत नाही, म्हणून ही पट्टी. सहा आठवडे छातीवर, डाव्या बाजूला. दर सात दिवसांनी नवी लावायची. सोबतचा छोटा फोन कायम वीस पावलांच्या आत हवा, कारण पट्टी त्याला सांगते आणि तो आम्हाला. पट्टीच्या मधोमध एक बटण आहे. छातीत धडधडलं किंवा डोळ्यांपुढे अंधारी आली, तर ते दाबायचं. म्हणजे आम्ही तेवढा भाग काढून बारकाईने बघतो.

आमच्या मॉनिटरच्या खोलीत तू सत्तेचाळीस नंबर. नात्यातल्या माणसाचे ठोके दाखवणारा पडदा दुसऱ्या नर्सकडे द्यायचा असा नियम आहे, पण मी हातापाया पडून तुला माझ्याकडे ठेवून घेतलंय. दर गुरुवारी मी तुझ्या आलेखावर 'ठीक' असा शेरा मारला, तरच तुमचा उत्पादक संघ तुला पुढचा आठवडा ड्रोन उडवू देणार. सहा आठवडे स्वच्छ गेले की डॉक्टर कायमची सही करतील. तेव्हा शहाण्यासारखा वाग. आपले आबा जेवता जेवता गेले, ते मी पाहिलंय. मला पुन्हा तसलं काही बघायचं नाही.

वहिनीला नमस्कार.

तुझी
भिंगरी


६ फेब्रुवारी, शुक्रवार

भिंगरे,

पत्र पोचलं. बर्फात राहून इतकं गार झालं होतं की तुझा राग वाटेतच निवला असावा.

पहिल्या पट्टीने खाज सुटली म्हणून दोन दिवसांत काढली आणि पेटीतली दुसरी लावली. आता डाव्या बाजूला, तू दाखवलीस त्याच जागी, व्यवस्थित बसली आहे. काळजीचं कारण नाही.

काल ड्रोन काढला. लोक त्याला टोळ म्हणतात, म्हणू देत. अर्ध्या तासात सहा एकर बटाटा फवारून झाला आणि मी आपला झाडाच्या सावलीत उभा. पाठीवर पंप नाही, नाकातोंडात औषध नाही. आयुष्यभर यंत्रांनी मला खिळखिळं केलं. हे पहिलं यंत्र असं भेटलं, ज्याच्यापुढे मी ताठ उभा राहतो. ते माझ्या हातातून गेलं तर मी घरात बसून काय करू, भिंती मोजू? संघाच्या चिटणीसाचा भाचा टपूनच बसलाय. परवा मला म्हणाला, काका, आता आराम करा. त्याच्या तोंडून आराम हा शब्द ऐकून माझं डोकंच फिरलं.

एक गंमत सांगतो. संघाने प्रत्येक शेतात ओल मोजायची काठी रोवून दिली आहे. जमीन सुकली की मोबाईलवर लाल दिवा लागतो आणि संघाच्या ऑफिसातून फोन सुरू होतात, पाणी का दिलं नाही, पाणी का दिलं नाही. आमची मोटर दुरुस्तीला गेली होती, मी पाणी देऊ कुठून? मग काय, काठी उपटली आणि गळक्या व्हॉल्व्हजवळ नेऊन रोवली. आठ दिवस हिरवागार दिवा! साहेब फोन करून म्हणाले, शाबास, तुमच्यासारखं पाणी कोणी राखत नाही. मी म्हटलं, आपला आशीर्वाद.

तुझ्या वहिनीचा नमस्कार. ती वखारीत बटाटा निवडते आहे, नाहीतर दोन ओळी लिहिल्या असत्या.

दादा


१० फेब्रुवारी, मंगळवार

दादा,

ओलीच्या काठीची गंमत वाचून मी कपाळावर हात मारला. अरे, व्हॉल्व्हजवळची माती ओली, म्हणून बाकीच्या शेताची तहान भागली का? पलीकडच्या सरींचं काय झालं ते तू लिहिलं नाहीस, म्हणजे त्या गेल्या असणार. मला तुझी ही हुशारी लहानपणापासून माहीत आहे. आईने ताप बघितला की थर्मामीटर चहाच्या कपात बुडवणारा तूच.

बरं, तुझा आलेख. डॉक्टरांनी पाहिला आणि म्हणाले, छप्पन्न वर्षांच्या माणसाच्या मानाने उत्तम. गुरुवारी मी 'ठीक' लिहिलं. पण किती राबतोस रे! पहाटे साडेपाचला तुझे ठोके वाढतात ते रात्री साडेनऊपर्यंत खाली येत नाहीत. दुपारी जेवून तासभर आडवा व्हायचास ना? आता तेही नाही. आजारी पडलास म्हणून कामं कमी करायची, की वाढवायची? निदान दुपारची झोप तरी सोडू नकोस.

आणि ते बटण. शनिवारी, रविवारी आणि सोमवारी, तिन्ही दिवशी अकराच्या सुमारास दाबलं गेलंय. मी तो भाग काढून पाहिला. एखाददुसरा ठोका पुढेमागे, बस्स. तेवढं कोणाचंही होतं. दादा, ते बटण म्हणजे खेळणं नाही. उगाच दाबलंस की मला अर्धा तास ते बघत बसावं लागतं आणि बाकीचे अकरा पेशंट खोळंबतात. खरंच काही झालं तरच हात लाव.

वहिनीला नमस्कार. तिला म्हणावं, तुला दुपारी खोलीत कोंडून ठेव.

भिंगरी


१३ फेब्रुवारी, शुक्रवार

भिंगरे,

उत्तम म्हणाले ना डॉक्टर? मग झालं तर! ते वाक्य मी घरात तीनदा वाचून दाखवलं. बटणाचंही मोठ्याने वाचलं. आता पुन्हा कोणी हात लावणार नाही, निश्चिंत राहा.

इकडे एक भानगड झाली आहे. ओढ्यापलीकडच्या शेतात करपा दिसला. पानावर टिकलीएवढा डाग पडतो आणि हवा दमट राहिली तर आठवड्यात सगळं शेत काळं. संघाने चाळीस एकरांची यादी माझ्या हातात दिली आहे. पाठीवरच्या पंपाने ते पंधरा दिवसांत व्हायचं नाही, मी चार दिवसांत करतो. भाच्याने परवा त्याची परीक्षा म्हणून टोळ उडवला आणि विजेच्या तारेला घासून आणला. तेव्हा सगळ्या गावाची मदार माझ्यावर आहे, हे डॉक्टरांच्या कानावर घाल.

तुझी वहिनी मजेत. हल्ली जरा आळसावली आहे. वखारीच्या माळ्यावर क्रेट नेताना पायऱ्यांवर मधेच बसते. विचारलं तर म्हणते, पायऱ्या वाढल्यात. नऊच्या नऊ आहेत, मी मोजल्या. पण ती म्हणजे लोखंड, तिला काय होतंय? लग्नाला एकतीस वर्षं झाली, तिला कधी अंथरूण धरलेलं मी पाहिलं नाही.

दादा


२० फेब्रुवारी, शुक्रवार

दादा,

हे पत्र एकटा असताना वाच. मोठ्याने वाचू नकोस.

बुधवारी सकाळी अकरा वाजून दहा मिनिटांनी सत्तेचाळीस नंबरचा पडदा लाल झाला. मी समोरच बसले होते. ठोके ऐंशीवरून एकदम एकशे चौऱ्याहत्तरवर गेले आणि अकरा मिनिटं तसेच धावत राहिले, तेही कुठलाच ताल नसलेले. मग एकाएकी थांबले. तीन सेकंद आणि वर थोडं, काही नाही. नुसती सरळ रेष. दादा, मी वीस वर्षं हे काम करते, पण त्या तीन सेकंदांत मी खुर्चीतून उठून पडद्याला हात लावला. मग एक ठोका पडला, मग दुसरा, आणि गाडी रुळावर आली.

तू बटण दाबलं नाहीस. का नाही दाबलंस? त्या वेळी काय करत होतास? पडलास का?

मी लगेच घरच्या फोनवर फोन लावला. वहिनीने उचलला. ती धापा टाकत होती, वखारीतून पळत आली असणार बिचारी. म्हणाली, ते शेतात आहेत, ठणठणीत आहेत. तिला घाबरवायला नको म्हणून मी काही बोलले नाही.

आता जे लिहिते आहे ते लिहिताना मला माझीच लाज वाटते. हा आलेख त्याच मिनिटाला ड्यूटीवरच्या डॉक्टरांना दाखवायला हवा होता. मी दाखवला नाही. 'पट्टी सैल, पुन्हा तपासणी' असा शेरा लिहून ठेवला. तुझे डॉक्टर बाहेरगावी आहेत, बुधवारी येतील. तोवर मी तुला वेळ काढून दिला, कारण संघाच्या मैदानात तू पहिल्यांदा ड्रोन उडवलास तेव्हाचा तुझा चेहरा माझ्या डोळ्यांपुढे आला. आबा गेल्यापासून तुला इतकं हसताना मी पाहिलं नव्हतं. पण हे मी बुधवारपर्यंतच करणार. त्याआधी तू आपल्या पायांनी इकडे ये. हे अंगावर काढायचं दुखणं नाही. पुढच्या वेळी ते तीन सेकंदांवर थांबेलच असं नाही.

आणि तोवर ड्रोनला हात लावायचा नाही. 'ठीक' मी लिहिलेलं नाही.

वहिनीला नमस्कार. तिला काही सांगू नकोस.

भिंगरी


२४ फेब्रुवारी, मंगळवार

भिंगरे,

तुझं यंत्र खोटं बोलतंय.

बुधवारी अकरा वाजून दहा मिनिटांनी मी ओढ्यापलीकडे टोळ उडवत होतो. अकरा वाजून दोन मिनिटांनी वर घेतला आणि एकतीसला उतरवला. माझ्यावर विश्वास नाही ना? मग टोळावर ठेव. तो कुठून कसा उडाला त्याची सगळी नोंद ठेवतो. संघाच्या ऑफिसातून तो कागद छापून आणलाय, सोबत जोडतो. बघ त्या रेघा, पट्टी ठेवून ओढल्यासारख्या सरळ. ज्याचं हृदय बंद पडलंय तो माणूस अशा रेघा मारेल?

तू शेरा दिला नाहीस म्हणून शुक्रवारपासून टोळ कुलपात आहे. चार दिवसांत करपा आमच्या बांधावर आला. अठरा एकर राहिलंय. लोक दारात येऊन उभे राहतात आणि मी त्यांना काय सांगू, माझ्या बहिणीच्या पडद्यावर लाल दिवा लागला म्हणून? भाचा गल्लीबोळात सांगत फिरतोय, काका संपले.

मी तुझ्यापुढे कधी हात पसरले नाहीत. आता पसरतो. त्या एका दिवसाचा आलेख काढून टाक. पट्टी सैल होती असं लिहिलंयस ना, मग तेच कायम ठेव. खरंच सैलच असेल. या घरात कोणालाही काहीही झालेलं नाही. सगळे धडधाकट आहेत आणि दोन वेळा जेवतात.

ती पट्टी मी आत्ता उपटून फेकली. फोनही बंद केला. यंत्राचं ऐकून माणसाला आजारी ठरवायचं असेल, तर मला ते यंत्र नको.

दादा


२५ फेब्रुवारी, बुधवार, सकाळी आठ

दादा,

काल संध्याकाळी तुझं पत्र आलं. टोळाचा कागद मी टेबलावर ठेवला आणि शेजारी गेल्या बुधवारचा आलेख. मिनिटाला मिनिट लावून पाहिलं.

तुझं खरं आहे. अकरा वाजून दहा मिनिटांनी ज्याचे ठोके एकशे चौऱ्याहत्तर होते, त्याने या रेघा मारलेल्या नाहीत. तीन सेकंदांच्या त्या थांब्याला रिमोट धरलेला हात ढळला असता. यंत्र खोटं नाही. टोळही खोटा नाही.

मग मी मागचे सगळे दिवस काढले. पहाटे साडेपाचला उठणारं, दुपारी न झोपणारं, रात्री साडेनऊपर्यंत उभं असलेलं ते हृदय. रोज अकराच्या सुमारास चढणारं. तुझं पत्रही पुन्हा वाचलं, वखारीच्या नऊ पायऱ्यांचं. आणि बुधवारचा तो फोन आठवला. मी म्हटलं, वखारीतून पळत आली असणार.

दादा, काठी कुठे रोवली आहेस?

उत्तर लिहू नकोस, मला कळलंय. डाव्या बाजूला, दाखवलेल्याच जागी, व्यवस्थित. शब्द न शब्द खरा लिहिलास, फक्त कोणाच्या ते लिहिलं नाहीस. आणि काल तू ती पट्टीही काढलीस. आता तिच्यावर कोणाचीच नजर नाही.

तुझा फोन बंद. घरचा वाजतो, कोणी उचलत नाही. सकाळी सात वाजता गावातल्या दवाखान्याच्या सिस्टरला तुमच्या घरी धाडलं, तर दाराला कडी. मी स्वतः निघाले होते, पण डॉक्टर परत आलेत. त्यांना मी सगळं सांगितलं, माझ्या शेऱ्यासकट. ते एवढंच म्हणाले, आधी त्यांना आणा, तुमचं मग बघू. मी इथे तिच्यासाठी पलंग धरून बसले आहे.

आज नमुन्यांचा वार नाही. गाडी तुम्हा दोघांसाठी पाठवली आहे. गाडीवाल्याला सांगितलंय, दोघं बसल्याशिवाय तिथून हलायचं नाही. तिला पायऱ्या चढू देऊ नकोस. काही उचलू देऊ नकोस. असेल तशी घेऊन ये.

भिंगरी


२७ फेब्रुवारी, शुक्रवार
वॉर्डाबाहेरच्या बाकावरून

भिंगरे,

तू माझ्या समोरून जातेस आणि बोलत नाहीस. बोललीस तरी मला ऐकू येणार नाही, कारण इथे सगळे हळू बोलतात. म्हणून औषधाच्या कागदामागे लिहितो आहे. तिकडच्या सिस्टरकडे देतो.

गाडी आली तेव्हा पावणेअकरा झाले होते. टोळ कुलपात, तरी मी अंगणात त्याच्या तोट्या पुसत बसलो होतो. तुझी चिठ्ठी वाचली आणि पळालो. वखारीत ती सातव्या पायरीवर बसली होती. क्रेट शेजारी होता, खाली पडू दिला नव्हता. चेहरा राखेसारखा. मला पळत येताना पाहून म्हणाली, "अहो, पट्टी काढलीत ना? मग आता कशाला धावताय?"

मी म्हटलं, चल. तर म्हणते, एवढा क्रेट वर ठेवते. भिंगरे, मी तिच्यावर ओरडलो. मग उचललं तिला. गाडीत ती दोनदा गेली. म्हणजे डोळे उघडे आणि आत कोणी नाही. गाडीवाल्याने बर्फाची पेटी रस्त्याच्या कडेला उतरवून ठेवली आणि तिला आडवं होण्यापुरती जागा केली. दुसऱ्या वेळी मी आकडे मोजले. सहापर्यंत मोजले. सहा म्हणजे किती, ते मला आयुष्यात पहिल्यांदा कळलं.

काल डॉक्टर माझ्याशी मोठ्या आवाजात बोलले. हृदय चालवणारी डबी तिच्या कातडीखाली बसवली. आणखी आठवडाभर असंच गेलं असतं तर काय, हे त्यांनी सांगितलं नाही. मी विचारलंही नाही.

मी भ्यालो होतो. हे तुला तोंडावर सांगू शकलो नाही. आबांसारखंच माझंही आहे असं मला वाटत होतं आणि ते कागदावर यायला नको होतं. तिला म्हटलं, सहा आठवडे तू लाव, तुला काही होत नाही. ती म्हणाली, बरं. लगेच म्हणाली. एकदाही का म्हणून विचारलं नाही. मला वाटलं, माझ्यासाठी करतेय.

पडदा लाल झाला तेव्हाही मला वाटलं नाही की तिचं असेल. देवाशप्पथ. मला वाटलं, यंत्र बिघडलं. यंत्र बिघडू शकतं एवढं मला सुचलं, पण तिला काही होऊ शकतं हे सुचलं नाही. एकतीस वर्षांत मी तिला बरं वाटतंय का, असं कधी विचारलंय ते मी कालपासून आठवतो आहे. आठवत नाही.

तुझ्या नोकरीचं काय झालं ते सांग. लिहून दे.

दादा


२८ फेब्रुवारी, शनिवार

दादा,

नोकरी आहे. मॉनिटरच्या खोलीतून मला काढलं. सहा महिने वॉर्डात काम आणि कागदोपत्री ताकीद. कमीच झाली. आठवडाभर तो आलेख मी दडवला, वर नात्यातला पडदा हट्टाने मागून घेतला. दुसरी कोणी नर्स असती, तर तिने त्याच मिनिटाला डॉक्टरांना हाक मारली असती आणि त्याच दिवशी घरी माणूस पाठवला असता. माझा भाऊ म्हणून मी थांबले, आणि तो माझा भाऊ नव्हताच.

तुझ्यावर ओरडायचं होतं, पण मग माझ्यावर कोणी ओरडायचं? वहिनी झोपली आहे. ठोके सत्तर. आत जाऊन बस. तिचा हात धर, सुई लावलेला नाही, दुसरा.

सोमवारपासून तुझ्या छातीवर पट्टी. या खेपेला मी स्वतः लावणार आणि वरून चिकटपट्टी मारणार.

भिंगरी


२४ मार्च, मंगळवार

वन्संना,

मी आजवर कोणाला पत्र लिहिलेलं नाही, त्यामुळे काही चुकलं तर समजून घ्या. हे आज संघात गेले आहेत. मला पायऱ्या चढायला बंदी, म्हणून ओट्यावर बसून लिहिते आहे. बर्फाच्या पेटीतून तुमचं शुक्रवारचं पत्र आलं. ह्यांचा आलेख जवळजवळ तीन आठवडे स्वच्छ आहे आणि ते पडले ते रक्तदाबाची गोळी दोनदा घेतल्यामुळे आणि उपाशीपोटी उन्हात उभं राहिल्यामुळे, असं डॉक्टर म्हणाले ते वाचलं. ऐकून हे म्हणाले, म्हणजे मी खरेपणाने पट्टी लावली असती तरी टोळ माझाच राहिला असता. मी म्हटलं, हो, आणि मी राहिले नसते. त्यावर ते उठून बाहेर गेले. मी मुद्दामच म्हटलं. थोडं टोचायला हवं.

अठरा एकरांतलं अकरा एकर करप्याने नेलं. उरलेल्याला भाच्याने वाचवलं. त्याने तार टाळून टोळ उडवला, कारण हे बांधावर उभं राहून त्याला ओरडून सांगत होते. तुमच्या दादांनी संघात सगळ्यांसमोर आपली लबाडी कबूल केली. ओलीच्या काठीचंही सांगून टाकलं. साहेबांचा चेहरा बघण्यासारखा झाला होता म्हणे. वर्षभर रिमोट हातात नाही, नुसतं शिकवायचं, असं ठरलं.

आता तुम्हाला एक सांगायचं आहे. ह्यांना सांगितलेलं नाही. तुम्हाला सांगितलं तर तुम्ही रडाल, पण तरी सांगते.

मला ते वर्षभर होत होतं. छातीत पाखरू फडफडल्यासारखं व्हायचं आणि मग पायऱ्या दूर जायच्या. कोणाला सांगू? हे म्हणायचे, तू लोखंड. लोखंडाने काय सांगायचं? दवाखान्यात जायचं तर कशासाठी, असं विचारणार, गाडी कोण काढणार, बटाटा कोण निवडणार. त्यात हे पडले. मग तर माझं काही काढायची सोयच राहिली नाही.

ह्यांनी ती पट्टी माझ्यापुढे धरली आणि म्हणाले, तू लाव. मी लगेच बरं म्हटलं. ह्यांना वाटतं, मी ह्यांच्यासाठी लावली. वन्सं, मी माझ्यासाठी लावली. मला वाटलं, तिकडे वन्सं बसल्या आहेत, हुशार आहेत, त्या बघतील. मी न बोलता कोणाला तरी कळेल. रात्री निजताना मी पट्टीवर हात ठेवायचे आणि मला बरं वाटायचं, की कोणीतरी बघतंय.

ते बटण मी दाबलं होतं. शनिवारी, रविवारी आणि सोमवारी. पायरीवर बसून, तुम्ही ह्यांना सांगितलं होतं तसंच, डोळ्यांपुढे अंधारी आली तेव्हा. मग तुमचं पत्र आलं. हे मोठ्याने वाचत होते, तुम्हाला ठाऊक आहे ते कसे वाचतात. बटण म्हणजे खेळणं नाही, बाकीचे पेशंट खोळंबतात. मला वाटलं, आपलं चुकलं. तुमच्या कामात आपण उगाच अडचण केली. त्यानंतर मी हात लावला नाही. त्या बुधवारी तर बोट बटणावर होतं. पण नाही दाबलं.

मी हे तुम्हाला दोष द्यायला लिहीत नाही. तुम्हीच मला वाचवलंत, हे मी कुठेही सांगेन. पण आता कातडीखाली जी डबी आहे तिला बटण नाही. तेव्हा यापुढे मला तोंडानेच सांगावं लागणार आणि त्याची सवय करायला हवी. काल पहिल्यांदा केली. हे जेवायला बसले होते, मी म्हटलं, मला दमल्यासारखं होतंय, आज भांडी तुम्ही घासा. हे दचकलेच. ऐकू आलं नाही असं वाटलं, म्हणून मी पुन्हा म्हटलं, मोठ्याने. घासली त्यांनी. एक वाटी फुटली.

एक मागणं आहे. तुमच्या पत्रांत खाली नेहमी असायचं, वहिनीला नमस्कार. हे तो वाचून दाखवायचे आणि मी हातातलं काम न सोडता मान हलवायचे. पुढचं पत्र मला लिहा. मलाच विचारा, कशी आहेस म्हणून. खाली ह्यांना नमस्कार लिहा, तो मी वाचून दाखवीन.

तुमची
वहिनी